मामा तलाव

मराठीत मामा कोण नसतो? आकाशात चांदोमामा, चौकात पोलीसमामा, शाळेच्या घंटेपाशी शिपाईमामा, एसटीत कंडक्टरमामा. एखाद्याला फसवलं तरी आपण म्हणतो, त्याला मामा बनवला. एवढे मामा असताना एका लहान पोरीनं कोणाकोणाला ओळखून ठेवायचं, हा माझा जुना प्रश्न आहे. तो मी अजूनही चिडूनच विचारते.

आमच्या झाडीपट्टीत त्यात आणखी दोघांची भर. एक तलाव. गावोगावचे हे तलाव जुन्या मालगुजारांचे. मालगुजारी गेली, तलाव राहिले, आणि ‘माजी मालगुजारी’ एवढं लांबलचक लिहायचा सरकारला कंटाळा आला म्हणून त्याचं झालं ‘मामा तलाव’. पाटीवर तसंच रंगवलेलं असतं. दुसरा मामा म्हणजे वाघ. आमच्या गावात जंगलाच्या आसपास त्याचं नाव घेत नाहीत. नाव घेतलं की आपल्यालाच हाक मारली असं समजून तो येतो, म्हणतात. म्हणून त्याला मामा म्हणायचं. मामा भाचरांना हात लावत नाही, तेव्हा त्याला नात्यात गुंतवून ठेवायचं. युक्ती हुशारीची आहे. फक्त ती त्याला कोणी सांगितलेली नाही.

मी चौथीत होते तेव्हा मला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. माझा जन्म गडचांदूरचा. बाबा तिथं सिमेंट कारखान्याच्या चुनखडीच्या खाणीवर रोजीनं जात. घरात, अंगणात, वाळत घातलेल्या कपड्यांवर पांढरी धूळ. वाघ कुठला, दारातलं लिंबाचं झाडही कधी नीट हिरवं दिसलं नाही. मग खाणीवरचं काम सुटलं. बाबा म्हणाले, जाळं विणणं माझे हात अजून विसरले नाहीत, आणि दिवाळी झाल्यावर आम्ही त्यांच्या गावी राहायला आलो. आधी धानाची शेतं, शेतांच्या मागं तलाव, तलावाच्या मागं जंगल, असं ते गाव. बाबांच्या घरातले सगळे पिढ्यान् पिढ्या त्या तलावातल्या मासोळ्या धरून जगलेले. बाबा आठवडाभरात असे रुळले, जणू खाणीवर कधी गेलेच नव्हते. संध्याकाळी अंगाला पाण्याचा वास घेऊन घरी येत आणि आईला चिडवत, ‘पाह्य, धूळ नाई आनली आज.’

मी मात्र रुळले नाही. वर्गातली पोरं मला ‘सिमेंट’ म्हणत. माझ्या बोलण्याला हसत, माझ्याजवळ बसायला मागंपुढं करत. मी पण काही गरीब गाय नव्हते, दोघांचे केस ओढले होते. त्यानं मैत्रिणी मिळत नाहीत एवढं कळलं.

माझ्या ओळखीचा मामा एकच. आईचा मोठा भाऊ. नागभीडला स्टेशनच्या रस्त्यावर त्याचं पंक्चर काढायचं दुकान होतं आणि त्याच्याकडे एक लाल मोटरसायकल होती, तिचा आवाज तो यायच्या कितीतरी आधी यायचा. त्यानं बाबांसाठी तिकडच्या राईस मिलमध्ये काम बघून ठेवलं होतं. बाबा टाळत होते. मागच्या बाजाराच्या दिवशी तो घरी येऊन गेला तेव्हा चहाची बशी खाली ठेवत म्हणाला होता, ‘जवाईबापू, तुमी येत नसान त मीच येतो एक दिवस आन गाडीवर बसवून घेऊन जातो तुमाले.’

बाबा हसले होते. ‘मंग मासोळ्या काय म्हनतीन?’

हे सगळं मी दारात बसून ऐकलेलं होतं. लक्षात ठेवा, पुढं लागणार आहे.

थंडीत शाळेचं वनभोजन ठरलं. सर म्हणाले, ‘मामा तलावावर जायचं.’ मी घरी येऊन आईला विचारलं, तो तलाव आपल्या मामाचा आहे का. आई धान पाखडत होती. सुपावरची नजर न काढता म्हणाली, ‘हाव, त्याचाच हाय. पंक्चरं काढून काढून घेतला त्यानं.’ ती थट्टा करत होती. मला अर्धी थट्टा वाटली, अर्धं खरं. दुसऱ्या दिवशी वर्गात मी सांगून टाकलं की तलाव माझ्या मामाचा आहे. पोरं इतकी हसली की सरांना छडी आपटावी लागली.

आता पत राखायला एकच मार्ग होता. बाबा. वनभोजनाला वांग्याची भाजी आणि भात ठरला होता. बाबा म्हणाले, ‘तलावावर जाऊन कोनी नुसते वांगे खाते का? मी सकाळीच जाळं टाकतो. तुमची फौज येईपर्यंत मासोळ्या काठावर राह्यतीन.’ मी ही बातमी शाळेत सर्वांना सांगितली. जी पोरगी माझ्याकडे कधी बघायची नाही, ती म्हणाली, ‘मले मोठी देजो वं.’

बाबा उजाडता उजाडता निघाले. मी गोधडीत होते. जाताना त्यांनी सायकलची घंटी वाजवली, ती ऐकली आणि पुन्हा झोपले. बाबांचं शेवटचं ऐकलेलं काय, असं कोणी विचारलं तर माझ्याकडे सांगायला घंटी आहे.

आम्ही ऊन चढल्यावर निघालो. हातात ताटल्या, पुढं सर, मागं शाळेत खिचडी शिजवणारी बाई डोक्यावर भाताचा रिकामा गंज घेऊन. सर मोबाइलवर सारखे फोटो काढत होते, ‘हसा रे, हसा’ म्हणत होते. धान कापून झालेलं. बांध्यांमध्ये लाखोळीची डाळ उगवली होती, आम्ही तिचे कोवळे शेंडे तोडून खात चाललो होतो. गावातले लोक नंतर म्हणाले, सरांनी पोरं तिकडे न्यायलाच नको होती. आदल्या दिवशी कोणी काही म्हटलं नव्हतं. बाया रोज त्याच काठानं काड्या आणायला जात, गुराखी जात, सगळं गाव जाई.

तलाव दिसला तेव्हा माझी मान ताठ झाली. बाबांची सायकल मोहाच्या झाडाला टेकून उभी होती, हँडलला डब्याची पिशवी. पण काठावर मासोळ्या नव्हत्या. बाबा नव्हते. डोंगा पाण्यात मधोमध होता, आणि त्यात कोणी नव्हतं. जाळं एका बाजूनं ताणलेलं, दुसरं टोक सुटून काठाच्या गाळात पडलेलं.

‘कुठी हायेत वं तुया मासोळ्या?’ एकानं विचारलं.

‘येतील. आत्ता येतील,’ मी म्हटलं, गडचांदूरच्या ठसक्यात.

मी बाबांना हाका मारल्या. मग सायकलची घंटी वाजवली, कारण ती ऐकून ते येतीलच अशी माझी खात्री होती. पोरांना तो खेळच झाला. एकेक जण येऊन घंटी वाजवू लागला. सर हसले आणि म्हणाले, ‘गेले असतील कुठं पलीकडे. तोवर चूल मांडू.’ दगड आणले, काड्या आणल्या, चूल पेटली. वांगी चिरायला घेतली. खरंच, तोपर्यंत ते एक चांगलं वनभोजन होतं. धूर डोळ्यात जात होता, दोन पोरी भांडत होत्या, एक जण पाण्यात पाय घालून बोलणी खात होता.

पलीकडच्या झाडांवर वानरं ओरडत होती. नेहमीसारखी नाही. एखाद्या म्हाताऱ्याला खोकल्याची उबळ यावी तशी, थांबून थांबून. पोरं त्यांची नक्कल करू लागली. बाई तांदूळ धूत होती, तिचे हात पाण्यातच थांबले. तिनं वानरांकडे पाहिलं नाही. वानरं जिकडे बघत होती तिकडे पाहिलं. मग हात पुसून ती उठली आणि काठाकाठानं चालू लागली. ती बाबांना शोधायला निघाली असं समजून मी तिच्या मागं गेले.

जाळ्याच्या सुटलेल्या टोकापाशी ती थांबली. तिथून बेशरमच्या झुडपांकडे गवत एका रेषेत आडवं झालं होतं. त्या रेषेच्या सुरुवातीला बाबांची एक चप्पल होती. बाईनं ती उचलली, पाहिली आणि जशी होती तशीच परत ठेवली. मागं वळली तर मी उभी. तिनं पदर तोंडावर धरला. माझा हात धरून मला परत चुलीकडे घेऊन गेली आणि हात इतका घट्ट धरला होता की मी म्हटलं, ‘दुखते ना वं बाई.’ गावचा ‘वं’ माझ्या तोंडून निघाला, तो हा पहिल्यांदा.

चुलीपाशी आल्यावर ती सरांच्या कानाशी वाकली. हळू बोलली, पण माझा हात तिच्याच हातात होता, मला ऐकू आलंच.

‘सर, पोरं वापस न्या. इच्या बापाले मामानं नेलं.’

माझ्या जिवात जीव आला. इथं मला थांबावंसं वाटतं, कारण त्यानंतर आयुष्यात इतकी सुटका मला कधीच वाटलेली नाही. मामानं नेलं! म्हणजे तो आला, बोलला होता तसाच, आणि बाबांना गाडीवर बसवून नागभीडला घेऊन गेला. सगळं जुळत होतं. म्हणून तर सायकल इथं राहिली. म्हणून डबा राहिला. म्हणून डोंगा बांधायचा राहिला, चप्पल राहिली. मामाला नेहमीच घाई. तलाव त्याचा नसला तरी रस्ता त्याला माहीत होता.

सरांचा चेहरा बघायचं मला सुचलं नाही. त्यांनी एक जळतं लाकूड ओढून काढलं आणि चुलीवर पाणी ओतलं, अर्धवट शिजलेल्या भाजीसकट. पोरं कुरकुरली. सरांनी सगळ्यांना जोडीजोडीनं हात धरायला लावले, लहानांना मध्ये घेतलं, बाई ताटली वाजवत पुढं झाली आणि सर हातात ते लाकूड घेऊन मागं राहिले. ‘पाढे म्हणा,’ ते म्हणाले. ‘मोठ्यानं. ज्याचा आवाज येणार नाही त्याला उद्या उभं करीन.’

‘सहलीतबी पाढे?’ कोणीतरी रडवेलं होऊन म्हणालं.

‘मोठ्यानं.’

आम्ही बे एके बेपासून सुरू केलं. शेतांतून, बांधांवरून, ओरडत. सर्वांत मोठा आवाज माझा होता. मी खुशीत होते. संध्याकाळी मामा येईल किंवा आपण नागभीडला जाऊ, राईस मिलजवळ राहू, शाळा बदलेल, ‘सिमेंट’ म्हणणारं कोणी नसेल, हे सगळं मी पाढे म्हणता म्हणता ठरवत होते. बाकीची पोरं गावातली. त्यांना एकेक करून कळत गेलं असावं. पाढे वाढत गेले आणि आवाज कमी होत गेले. माझा हात धरून चालणारी ती, मोठी मासोळी मागणारी पोरगी, माझ्याकडे बघे आणि मान वळवी. मग तिनं फ्रॉकच्या खिशातली सगळी बोरं काढून माझ्या हातात ठेवली. मला वाटलं, माझ्या मामाकडे मोटरसायकल आहे म्हणून.

गावाच्या सुरुवातीला सरांनी लाकूड टाकलं आणि ते पोलीस पाटलाच्या घराकडे पळाले. मी हात सोडवून घराकडे पळाले. आई अंगण सारवत होती. मी फाटकातूनच हसत ओरडले, ‘आई, मामानं बाबाले नेलं!’

आई वाकलेलीच राहिली. ‘कोन्या मामानं?’

‘आपल्या. नागभीडच्या. आणखी कोणत्या? तलावावरून नेलं. सायकल तिथंच आहे.’

तिनं शेणाचा हात तसाच ठेवून विचारलं, ‘तू पाह्यलं का त्याले?’

‘मी नाही. बाई म्हणाली.’

आई माझ्याकडे बघत राहिली. कोणी एवढ्या हसऱ्या तोंडानं ही बातमी आजवर दिली नसेल. मी लहान होते, माझी चूक नव्हती, हे मला अनेकांनी सांगितलं आहे आणि मलाही पटतं. तरी ते हसणं माझ्या तोंडावरचं होतं. ते आईनं पाहिलं आहे, आणि ते तिला दिसलंच नाही असं मला काही करता येत नाही.

ती शेणाच्या हातानं धावली. तोवर माणसं जमली होती, काठ्या, कुऱ्हाडी, डबे घेऊन निघाली होती. शेवटच्या घरापाशी बायांनी तिला धरलं. बायकांनी जायचं नसतं म्हणे. ती ओढत होती. ‘मीबी येतो. माहा मानूस हाय तो. मले येऊ द्या.’ आरडाओरडा नव्हता तो. एसटीत जागा मागावी तशी पुन्हा पुन्हा मागत होती. कोणी तिला सोडलं नाही. ती तिथंच बसली आणि मी तिच्या शेजारी, हातात बोरं घेऊन. आई का रडते आहे, मला कळत नव्हतं. मामा बाबांना न विचारता घेऊन गेला म्हणून चिडली असेल, एवढंच मला सुचलं.

कोणीतरी नागभीडला फोन केला असावा, ऊन उतरताना लाल मोटरसायकलचा आवाज आला. मी उठून पळाले. मामा एकटाच होता. मागची सीट रिकामी.

‘बाबाले कुठी सोडलं?’ मी विचारलं.

तो गोंधळला. ‘मी? मी काऊन सोडू बेटा?’

‘तूच नेलं ना. मामानं नेलं म्हणते बाई.’

मामानं आईकडे पाहिलं. आईनं मान हलवली, इला माहीत नाही, अशी. तो गाडीवरून उतरला, स्टँड लावायचं विसरला, गाडी आडवी झाली, आणि तो तिच्या शेजारी मातीत बसला. तेव्हा मला कळलं. काय झालं ते नाही, काहीतरी झालं एवढं. बाकीचं शेजारच्या म्हातारीनं मला सांगितलं, की बाई, मामा म्हणजे हा मामा नाही. आणि मग, गावाच्या आत होतो म्हणून असेल, तिनं त्याचं खरं नाव घेतलं.

माणसांनी जे परत आणलं ते आईला दाखवलं नाही. मला तर नाहीच.

त्यानंतर आम्ही नागभीडलाच गेलो, मामाच्या घरी. म्हणजे शेवटी त्यानंच नेलं. त्यानं मला शिकवलं, माझ्या तापात रात्री काढल्या, सायकल दिली, तिला मी घंटी लावू दिली नाही. पण त्या दिवसानंतर मी त्याला मामा म्हटलं नाही. तोंडातून शब्द निघेना. आई म्हणे तसं मी ‘भाऊ’ म्हणू लागले. लोक हसत, भाची मामाले भाऊ म्हनते. तो म्हणे, ‘म्हनू द्या. भाऊ त भाऊ.’ त्याची स्वतःची मुलं नव्हती. त्याला मामा म्हणणारं जगात दुसरं कोणी नव्हतं, हे मला फार उशिरा सुचलं.

आता मी नोकरी करते. सोबतच्या मुली सुटीत जंगलाच्या गेटवर जाऊन जिप्सीतून फिरून येतात आणि स्टेटसला त्याचे फोटो टाकतात. सुंदर असतो तो, नाही कसं म्हणू? जंगल त्याचं आहे, आपण त्याच्या घरात शिरलो, असं शहाणी माणसं मला समजावतात. पटतं. राग मात्र जात नाही, आणि तो घालवायची मला घाईही नाही. मी त्याला वाघच म्हणते. शेतात, जंगलात, कुठंही, मोठ्यानं. त्याच्याशी मला नातं नको.

गेल्या उन्हाळ्यात माझं लग्न झालं. मामाच्याच दारात मांडव होता. सगळं आम्ही नीट ठरवलं होतं, आणि ही एकच गोष्ट तिघांपैकी कोणी बोललं नव्हतं. मी आतल्या खोलीत बाशिंग बांधून बसले होते. आई शेजारी. ती मांडवात येणार नव्हती. नवरा नसलेल्या बाईनं मुहूर्ताच्या वेळी मागं राहायचं, हे तिनं स्वतःच ठरवून टाकलं होतं आणि मी भांडून थकले होते. बाहेर लाउडस्पीकर खरखरला आणि लग्न लावणाऱ्या महाराजांचा आवाज आला, ‘मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन या.’

खोलीतल्या बाया लगबगीनं उठल्या. मामा दारात येऊन उभा होता, नवा सदरा, टोपी. तो आत येईना. महाराजांनी पुन्हा म्हटलं, ‘मामा, मुलीला घेऊन या लवकर.’ मामानं माझ्याकडे पाहिलं नाही. त्यानं आईला विचारलं, ‘नेऊ ना वं?’

आईनं माझं मनगट धरलं होतं. कधी धरलं ते मला कळलं नव्हतं. मला ‘चाल, मामा’ म्हणायचं होतं, किती दिवस मनात ठेवलं होतं. तोंडून निघालं, ‘चाल, भाऊ.’

आई म्हणाली, ‘ने. पन या खेपेले मीबी येतो.’

कोणी तिला धरलं नाही. मामानं माझा एक हात धरला, दुसरं मनगट आईच्या हातात, आणि आम्ही तिघं मांडवात गेलो. अंतरपाट धरला, मंगलाष्टकं सुरू झाली, तरी तिनं मनगट सोडलं नाही.